साखर कारखान्याचं नेटवर्क आणि उघडे पोर्ट : ऑफ-सीझनमधल्या प्रकल्प नोंदी

९ जून २०२५, सोमवार

ईडीपी विभागात, म्हणजे कारखान्याच्या संगणक विभागात, आजपासून काम सुरू. गाळप मार्चमध्येच आटोपलं. मिलचे रोलर उघडून ठेवलेत, बॉयलर हाउसमध्ये ओव्हरहॉलिंग चालू आहे. नेटवर्कला हात लावायचा तर याच महिन्यांत. हंगाम लागला की काटा चोवीस तास चालतो, केनयार्डात ट्रॅक्टर-ट्रॉल्यांच्या रांगा लागतात, आणि तेव्हा 'पाच मिनिटं नेटवर्क बंद ठेवतो' हे वाक्य कुणी ऐकून घेत नाही.

फायरवॉल, म्हणजे नेटवर्कमधून काय जाऊ द्यायचं ते ठरवणारी पेटी, आहे आणि चांगल्या प्रतीची आहे. पण आतल्या बाजूच्या रूलच्या यादीत शेवटची ओळ अशी : कुठूनही, कुठेही, कोणत्याही पोर्टवर, परवानगी. (पोर्ट म्हणजे यंत्रातल्या एकेका सेवेचं आकड्याने ओळखलं जाणारं दार.) फायरवॉल ही यादी वरून खाली वाचते आणि जो रूल आधी जुळेल तो लावते. शेवटी सगळ्यालाच परवानगी असल्यावर वरच्या परवानग्यांना अर्थ उरत नाही. त्या नसत्या तरी तेवढंच उघडं राहिलं असतं. रूलची नावं 'टेस्ट', 'टेस्ट नवीन', 'टेंप २'. कुणी, कधी, कशासाठी केले याची नोंद नाही.

शिवाय सगळं एकाच सपाट नेटवर्कात : हिशेब खातं, ऊस नोंदीचा सर्व्हर, वजनकाट्याचे पीसी, टाइम ऑफिसची हजेरी मशीन, कॅमेऱ्यांचा रेकॉर्डर, प्रयोगशाळा, साखर गोदाम. मिल आणि बॉयलर चालवणारी संगणक यंत्रणा, डीसीएस, 'पूर्ण वेगळी' आहे असं सांगण्यात आलं. केबल डोळ्यांनी बघितल्याशिवाय मी ते धरून चालणार नाही.

ईडीपी मॅनेजरांशी ठरलं ते असं. आधी बाहेरून काय दिसतं ते बघायचं. मग आत कोण कुणाशी बोलतं ते. आणि दसऱ्याच्या अग्निप्रदीपनाआधी गरजेपुरतं ठेवून बाकी सगळं बंद. एक अट मी घातली आणि त्यांना पटली : ज्याचं काम एखाद्या पोर्टवरून चालतं त्या माणसाला भेटल्याशिवाय तो पोर्ट बंद करायचा नाही. अपवाद फक्त बाहेर उघड्या असलेल्या धोक्याचा.

११ जून

कार्यकारी संचालकांची लेखी परवानगी हातात आल्यावरच तपासणी केली. बाहेरच्या भाड्याच्या सर्व्हरवरून, कारखान्याच्या स्टॅटिक आयपीवर. एनमॅप हे पोर्ट तपासायचं साधन नुसतं चालवलं तर ते जास्त वापरातले एक हजार पोर्ट बघतं. इथे टीसीपीचे (नेटवर्कवरच्या बोलण्याचा नेहमीचा प्रकार) सगळे ६५,५३५ तपासले, कारण जुन्या जागी विसरलेले पोर्ट बहुतेक वेळा वरच्या आकड्यांत सापडतात.

उघडे सापडले ते : ३३८९, म्हणजे रिमोट डेस्कटॉप, थेट ऊस नोंदीच्या सर्व्हरवर. १४३३, त्याच सर्व्हरचा एसक्यूएल डेटाबेस. ८००० आणि ५५४, कॅमेऱ्यांचा रेकॉर्डर. ८०८०, इंटरनेटच्या राउटरचं व्यवस्थापनाचं पान.

रेकॉर्डर बाहेरून कसा दिसतो ते शोधताना वेगळंच निघालं. तो फायरवॉलच्या मागे नाहीच. त्याला दोन केबल आहेत : एक थेट इंटरनेटच्या राउटरला, दुसरी आतल्या स्विचला. म्हणजे रेकॉर्डर ज्याच्या ताब्यात जाईल त्याला फायरवॉल ओलांडायची गरजच नाही.

१४३३ बघून डेटाबेसचा एरर लॉग उघडला. १८४५६ क्रमांकाची एरर, डेटाबेसच्या मुख्य 'एसए' खात्यावर चुकीचा पासवर्ड, ओळीखाली ओळ, दिवसरात्र, देशाबाहेरच्या पत्त्यांवरून. कुणी खास या कारखान्याच्या मागे लागलंय असं नाही. इंटरनेटवरचा प्रत्येक पत्ता कुणाचं ना कुणाचं यंत्र चाचपत असतं, आणि डेटाबेसचा पोर्ट उघडा दिसला की पासवर्डांची यादी चालवून बघतं. लॉग मागे जातो तेवढ्यात यशस्वी प्रवेश एकही नाही. पण लॉग फार मागे जात नाही.

१२ जून

३३८९, १४३३ आणि ८०८० बाहेरून बंद. रेकॉर्डरची राउटरकडची केबल काढली. सुरक्षा अधिकाऱ्यांना आधी सांगितलं : काही दिवस घरून मोबाइलवर कॅमेरे दिसणार नाहीत. त्यांनी नाराजीने का होईना, मान्य केलं.

ऊस नोंदीचं सॉफ्टवेअर देणाऱ्यांचा तासाभरात फोन. "अहो, एवढी वर्षं असंच चालू आहे, काही झालंय का? आम्ही सपोर्ट कसा द्यायचा?" सपोर्टचा प्रश्न रास्त आहे आणि त्याची सोय करू. पण 'काही झालं नाही' हा पुरावा नव्हे. २५ जानेवारी २००३ ला एसक्यूएल स्लॅमर नावाचा किडा यूडीपी (टीसीपीहून वेगळा, हलका प्रकार) १४३४ वरून पसरला. ३७६ बाइटचं माहितीचं एकच पाकीट, पासवर्ड लागत नव्हता, आणि सापडण्याजोग्या बहुतेक यंत्रांत तो दहाएक मिनिटांत पोचला. दुरुस्ती सहा महिने आधीच आलेली होती, लोकांनी लावलेली नव्हती. रिमोट डेस्कटॉपमधली ब्लूकीप ही त्रुटी मे २०१९ मध्ये उघड झाली, तिलाही पासवर्ड लागत नव्हता. दोन्ही वेळा आदल्या दिवसापर्यंत 'काही झालेलं' नव्हतंच.

मग त्यांनी ३३८९ ऐवजी ३३८९० ठेवू असं सुचवलं. नकार दिला. आकडा बदलल्याने लॉगमधली वर्दळ कमी होते. जो सगळे पोर्ट तपासतो त्याला तोही सापडतो, जसा काल मला सापडला असता.

१७ जून

दिवसभर काट्यावर. ऑफ-सीझनमध्येही काटा बंद नसतो : साखरेचे ट्रक, मळीचे टँकर, बगॅस. काटा क्लार्कने हंगामातलं काम कसं चालतं ते शांतपणे समजावून सांगितलं. कार्यालयातल्या कुठल्याही आकृतीपेक्षा ते जास्त नेमकं होतं.

भरलेलं वाहन काट्यावर येतं. इंडिकेटरवरचं वजन सीरिअल केबलने पीसीत येतं, पीसी ते १४३३ वरून डेटाबेसात लिहितो. वाहन गव्हाणीकडे जातं, ऊस खाली होतो, परत येऊन रिकाम्या वाहनाचं वजन होतं. दोन्हींच्या फरकातून नियमाची कपात जाऊन निव्वळ टनेज ठरतं, पावती छापली जाते. गर्दी असली की दोन वजनांमध्ये कित्येक तास जातात. तेवढा वेळ ती खेप डेटाबेसात अर्धवट, दुरुस्त करता येण्याजोगी पडून असते.

आज त्या तक्त्यापर्यंत कोण पोचू शकतं? नेटवर्कवरचा कुठलाही पीसी. गोदामातला, प्रयोगशाळेतला, पाहुण्यांच्या वायफायवरचा लॅपटॉपसुद्धा. कुणी तसं केलंय असं मी म्हणत नाही. पण काटामारीचा संशय आपल्या भागात किती जुना आणि किती खोल आहे हे शेतकऱ्याच्या घरात वाढलेल्याला सांगावं लागत नाही. वर्षभर पाणी, खत, राखण करून आणलेल्या उसाचं मोल त्या एका आकड्यावर ठरतं. ऊस (नियंत्रण) आदेश १९६६ प्रमाणे ऊस घातल्यापासून चौदा दिवसांत एफआरपी, म्हणजे सरकारने ठरवलेली उसाची किमान किंमत, द्यावी लागते; ती रक्कमही याच आकड्यावरून निघते.

म्हणून या प्रकल्पातला सगळ्यात महत्त्वाचा रूल आज लिहून ठेवला, लागू व्हायला वेळ आहे तरी : वजनाच्या डेटाबेसचा १४३३ फक्त काट्याच्या पीसींना आणि ऊस नोंदीच्या ॲप्लिकेशन सर्व्हरला. बाकी सगळ्यांना नाही, ईडीपीच्या पीसीलाही नाही. ईडीपीने गरज पडली तर ठरलेल्या एकाच यंत्रावरून, नोंद करून जायचं. ईडीपी मॅनेजर क्षणभर थांबले आणि म्हणाले, "बरोबर आहे. आमच्यावरही कुणी बोट ठेवायला नको."

२५ जून

आतली रहदारी नोंदवायला सुरुवात. शेवटचा 'सगळ्याला परवानगी'वाला रूल तसाच ठेवून त्यावर लॉग चालू केला. कुठून कुठे, कोणत्या पोर्टवर, किती वेळा.

अडचण अशी की ही ऑफ-सीझनची रहदारी आहे. तोडणी प्रोग्राम, चिटबॉयच्या मोबाइलवरून येणाऱ्या नोंदी, गट कार्यालयांची कामं, शिफ्ट रिपोर्ट, शेतकऱ्यांना जाणारे वजनाचे एसएमएस यांपैकी आज काहीच चालू नाही. फक्त लॉगवर विसंबून रूल केले तर काटा सुरू होण्याच्या दिवशीच सगळं अडेल. त्यामुळे शेतकी, हिशेब, टाइम ऑफिस, प्रयोगशाळा, गोदाम, प्रत्येकाकडे बसून हंगामातला एक दिवस वदवून घेतोय.

गेल्या हंगामाचे लॉग मिळाले असते तर बरं झालं असतं. फायरवॉलच्या पोटात थोड्याच दिवसांचे राहतात, पुढचे आले की मागचे पुसले जातात. सर्ट-इन या केंद्राच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांप्रमाणे लॉग १८० दिवस देशात जपून ठेवावे लागतात आणि सायबर घटना कळल्यापासून सहा तासांत कळवावी लागते. वेगळा लॉग सर्व्हर उभा केला. फायरवॉल, डेटाबेस सर्व्हर, स्विच, सगळ्यांचे लॉग आता तिथे जातात आणि तिथून पुसायचा अधिकार ईडीपीत कुणालाच नाही.

लॉग एकत्र आल्यावर दिसलं की प्रत्येक यंत्राचं घड्याळ वेगळं. अशा लॉगवरून 'आधी काय झालं, नंतर काय' हे ठरवताच येणार नाही. एनआयसीच्या (सरकारी संगणक केंद्राच्या) वेळ सर्व्हरशी फायरवॉल जोडली आणि आतली सगळी यंत्रं फायरवॉलकडून वेळ घेतील असं केलं. बाहेर यूडीपी १२३, म्हणजे वेळेचा पोर्ट, फक्त फायरवॉललाच.

४ जुलै

नेटवर्कचे तुकडे कागदावर : कार्यालय, काटा, सर्व्हर, कॅमेरे, हजेरी मशीन, पाहुणे, आणि मिल स्वतंत्र. प्रत्येक तुकडा म्हणजे एक व्हीलॅन. एका व्हीलॅनमधून दुसऱ्यात जायचं तर फायरवॉलमधूनच.

हिशेब खात्यातून प्रश्न आला की बाहेरचे पोर्ट बंद केलेच आहेत, मग आत एवढी तोडफोड कशाला. त्यांना जेएनपीटीची, म्हणजे न्हावा शेवा बंदराची, गोष्ट सांगितली. आपली निर्यातीची साखर ज्या बंदरातून जाते, तिथलं एक टर्मिनल २७ जून २०१७ ला नॉटपेट्या या किड्यामुळे अडलं, कारण ते चालवणारी कंपनी मर्स्क समूहातली आणि समूहाचं नेटवर्क जगभर एकदमच पडलं होतं. नॉटपेट्या उघड्या पोर्टातून आत शिरला नव्हता. युक्रेनमधल्या एका हिशेबाच्या सॉफ्टवेअरच्या अपडेटमधून तो आला, म्हणजे राजरोस दारातून. आत आल्यावर मात्र तो ४४५ या फाइल शेअरिंगच्या पोर्टवरून, आणि सापडलेल्या पासवर्डांच्या जोरावर, यंत्रामागून यंत्र घेत गेला. त्याआधी दीड महिना, १२ मे ला, वॉनाक्राय त्याच ४४५ वरून पसरला होता; त्या त्रुटीची दुरुस्ती मार्चमध्येच आलेली होती.

हिशेब खात्याच्या पीसीवरून प्रयोगशाळेच्या पीसीच्या ४४५ ची गरज काय? विचारलं. कुणालाच सांगता आली नाही. फाइल शेअरिंगचा एकच सर्व्हर, ४४५ तेवढ्यावरच. एका व्हीलॅनमधले पीसी एकमेकांशी फायरवॉलमधून न जाताच बोलतात, तेव्हा तिथे प्रत्येक पीसीच्या विंडोज फायरवॉलमध्येच येणारा ४४५ अडवला.

११ जुलै

मिल. चीफ इंजिनियर साहेबांनी पहिल्याच वाक्यात सांगितलं, "माझ्याकडे मला विचारल्याशिवाय एक वायर हलवायची नाही." अगदी योग्य. ऑफिसात पोर्ट चुकून अडला तर अहवाल उशिरा निघतो. इथे बॉयलरच्या ड्रमची पातळी बघणारं यंत्र आंधळं होऊ शकतं.

एनमॅप या बाजूला वापरलंच नाही. जुन्या पीएलसी, म्हणजे यंत्रं चालवणारे छोटे नियंत्रक, अनपेक्षित पाकिटांनी अडकून पडू शकतात. त्याऐवजी स्विचवर मिरर पोर्ट (रहदारीची नक्कल देणारा) लावून इन्स्ट्रुमेंट इंजिनियरबरोबर नुसतं ऐकत बसलो. ओव्हरहॉलिंगमुळे थोडीच यंत्रं चालू होती, पण पुरेसं कळलं.

'पूर्ण वेगळी' डीसीएस वेगळी नाही. ऑपरेटर स्टेशनच्या दुसऱ्या लॅन कार्डातून एक केबल कार्यालयाच्या स्विचपर्यंत आली आहे. काही हंगामांपूर्वी संचालकांच्या दालनात ताशी गाळप दिसावं म्हणून ती टाकली होती. ऑपरेटर स्टेशनवर विंडोज ७ आहे, ज्याच्या सुरक्षा दुरुस्त्या १४ जानेवारी २०२० ला थांबल्या. आणि पीएलसीशी बोलणं मॉडबसने, पोर्ट ५०२.

मॉडबस १९७९ मधला, एका पॅनेलमधल्या यंत्रांसाठी केलेला. त्यात पासवर्ड नाही, ओळख विचारणं नाही. ज्याचं पाकीट पोचलं त्याचा हुकूम चालला. ऐकलेल्या रहदारीत कार्यालयाच्या बाजूने फक्त फंक्शन ३ होतं, म्हणजे रजिस्टर वाचणं. ६ आणि १६, म्हणजे लिहिणं, एकदाही नाही. पण लिहायला अडवणारंही काही नव्हतं.

साहेबांना हे कागदावर काढून दाखवलं. ते बराच वेळ बघत बसले. मग म्हणाले, "ही केबल उद्याच काढा." काढायची नाही असं मीच म्हटलं, कारण ताशी गाळप बघणं ही खरी गरज आहे. आज काढली तर हंगामात कुणीतरी न सांगता पुन्हा टाकेल. मध्ये एक छोटा सर्व्हर ठेवायचा. मिलची बाजू स्वतः कनेक्शन सुरू करून आकडे त्यावर टाकेल, कार्यालय तिथूनच वाचेल. फायरवॉल कनेक्शन कुणी सुरू केलं ते लक्षात ठेवते, त्यामुळे मिलकडून निघालेल्या बोलण्याचं उत्तर परत जाईल. बाहेरून मिलकडे नवं बोलणं मात्र सुरू होणार नाही. कार्यालयातून मिलकडे एकही पोर्ट नाही, शून्य अपवाद.

२१ जुलै

व्हीपीएन, म्हणजे बाहेरून आत यायचा कुलूपबंद बोगदा : वायरगार्ड, यूडीपी ५१८२०. निवडण्याचं मुख्य कारण असं की ओळखीच्या चावीशिवाय आलेल्या पाकिटाला तो उत्तरच देत नाही, त्यामुळे बाहेरून चाचपणाऱ्याला तिथे काही आहे हेही कळत नाही.

सॉफ्टवेअर सपोर्टच्या प्रत्येक माणसाला स्वतंत्र चावी. त्या चावीने फक्त एका मधल्या यंत्राच्या ३३८९ पर्यंत जाता येतं, तेही ईडीपीने फोनवर रूल चालू केल्यावर, आणि ठरलेल्या वेळेनंतर तो आपोआप बंद. सुरुवातीला कुरकुर झाली. मग त्यांच्याच एका तरुण इंजिनियरने सांगितलं की बाकीच्या ठिकाणीही असंच हवं. कुठे काही बिघडलं की संशय आधी आमच्यावर येतो.

२९ जुलै

गट कार्यालयातला त्रास. व्हीपीएन जोडलेलं, लॉगिन होतं, छोटी पानं उघडतात, पण ऊस नोंदीचा मोठा अहवाल मागितला की स्क्रीन अडकते. फायरवॉलच्या लॉगमध्ये काहीही अडवलेलं नाही. शेतकी अधिकारी दोन दिवस वैतागले होते.

कारण आकारात होतं. गट कार्यालयात वायरगार्ड राउटरवर चालतो, त्यामागच्या पीसींना त्याचा पत्ता नाही. सर्व्हर १५०० बाइटची पाकिटं पाठवतो, बोगद्यात १४२० च मावतात. अशा वेळी फायरवॉल सर्व्हरला आयसीएमपीने (नेटवर्कच्या अडचणींचे निरोप नेणारी पद्धत, पिंगही त्यातलंच) कळवते : टाइप ३, कोड ४, पाकीट मोठं आहे, लहान कर. सर्व्हरवर मात्र पूर्वी कुणीतरी 'पिंग बंद म्हणजे सुरक्षित' या समजुतीने सगळंच आयसीएमपी अडवून ठेवलं होतं. निरोप पोचत नव्हता, सर्व्हर तेच मोठं पाकीट पुन्हा पुन्हा पाठवत होता. टाइप ३ ला परवानगी दिली, शिवाय फायरवॉलवर टीसीपीचा एमएसएस, म्हणजे एका पाकिटातल्या मजकुराची मर्यादा, कमी केला. अहवाल लगेच आला.

ही नोंद लांबवली कारण असे रूल अजून कितीतरी ठिकाणी आहेत. आयसीएमपी सरसकट बंद करणं हे सुरक्षेचं काम नाही. त्याने चोर थांबत नाही आणि नेटवर्क अशा रीतीने बिघडतं की दोष भलत्यालाच लागतो.

१ ऑगस्ट

कॅमेरे. ऑक्टोबर २०१६ मध्ये डीन या डीएनएस (वेबसाइटच्या नावावरून पत्ता सांगणाऱ्या) कंपनीवर जो मोठा हल्ला झाला त्याला जुंपलेली यंत्रं बहुतेक अशीच होती : कॅमेरे, रेकॉर्डर, घरगुती राउटर. मिराय हा किडा त्यांच्या टेलनेट (दूरून हुकूम देण्याच्या) पोर्टवर, २३ आणि २३२३ वर, निर्मात्याने आधीच घालून दिलेले पासवर्ड चालवून बघायचा. आपल्या रेकॉर्डरवरही टेलनेट चालू होतं. बंद केलं, फर्मवेअर नवं टाकलं.

पण आत येणारे पोर्ट बंद करून कॅमेऱ्यांचं भागत नाही. हे रेकॉर्डर स्वतःच बाहेर निर्मात्याच्या क्लाउडशी बोलतात आणि मोबाइल ॲप त्या वाटेने आत येतं. म्हणून कॅमेऱ्यांच्या व्हीलॅनला इंटरनेटच नाही. सुरक्षा अधिकाऱ्यांच्या फोनवर वायरगार्ड टाकून दिला. गोदाम, केनयार्ड, मळीच्या टाक्या, सगळं पूर्वीसारखं दिसतं.

९ ऑगस्ट

शनिवारी रात्री शेवटची ओळ बदलली. आता तिथे : कुठूनही, कुठेही, नकार, लॉगसह. आतल्यांना स्पष्ट नकार मिळतो, म्हणजे प्रोग्राम लगेच एरर देतो आणि माणूस ताटकळत नाही. बाहेरून येणाऱ्याला काहीच उत्तर नाही.

बदल करण्याआधी टायमर लावला : मी दहा मिनिटांत 'ठीक' म्हटलं नाही तर जुनी मांडणी परत येईल. दूर बसून फायरवॉलला हात लावणाऱ्या प्रत्येकाने हे करावं.

काय अडलं : हजेरी मशीनचा ४३७०, टाइम ऑफिसने आठवड्यातून एकदाच डेटा ओढल्यामुळे लॉगमध्ये कमी दिसलेला. पगाराचा डेटाबेस, जो दर वेळी सुरू होताना नवा पोर्ट घेत होता. त्याला एक पक्का पोर्ट नेमून दिला. बँकेकडे जाणाऱ्या पेमेंट फाइलचा २२, फक्त बँकेने दिलेल्या पत्त्याला. पहाटेपर्यंत तिन्ही मार्गी.

१९ ऑगस्ट

इंटरनेटची दुसरी लाइन आली. नेहमीप्रमाणे तपासणी केली, सगळं बंद. मग आयपीव्ही६ वर, म्हणजे इंटरनेटच्या नव्या पद्धतीच्या पत्त्यांवर, केली आणि तीन पीसी थेट दिसले.

नव्या लाइनवर आयपीव्ही६ आपोआप येतं. प्रत्येक पीसीला जगातून पोचता येईल असा स्वतःचा पत्ता मिळतो, कारण तिथे मध्ये नॅट, म्हणजे अनेक यंत्रांना बाहेरच्या एकाच पत्त्यामागे ठेवणारी सोय, नसतं. फायरवॉलमध्ये आयपीव्ही६ चे रूल रिकामे होते. एवढी वर्षं अनेक ठिकाणी नॅटच्या आडोशालाच लोक फायरवॉल समजत आलेत. व्ही६ वर तो आडोसा नाही. दोन्हींचे रूल आता एकत्र लिहितो, एकात केला की दुसऱ्यात हवाच. आयसीएमपीव्ही६ पूर्ण अडवता येत नाही, शेजारचं यंत्र शोधण्याचं कामच त्यावर चालतं.

१० सप्टेंबर

गणपतीनंतर बाहेर जाणाऱ्या रहदारीवर. कार्यालयातून बाहेर ४४३ आणि ८०, म्हणजे वेबसाइट. डीएनएस फक्त आपल्या सर्व्हरमार्फत. २५ (मेल पाठवणं) आणि ४४५ बाहेर कुणालाच नाही. तासाभरात नकाराच्या लॉगमध्ये प्रयोगशाळेतला एक पीसी ठळक दिसायला लागला, बाहेरच्या असंख्य पत्त्यांच्या २५ वर सतत ठोकत. स्पॅम पाठवणारं काहीतरी त्यात किती काळ बसलं होतं देव जाणे. पीसी काढून घेतला, डिस्क बाजूला ठेवली, नव्याने विंडोज. सर्ट-इनला त्याच संध्याकाळी कळवलं.

१६ सप्टेंबर

रूलची वही. प्रत्येक रूलला : कुठून, कुठे, पोर्ट, काम काय, कोणत्या खात्याचं, मंजूर कुणी केलं, कधी संपणार. शेवटचा रकाना रिकामा असेल तर रूल होणार नाही. हंगामापुरत्या रूलला गाळप संपल्याची तारीख, सपोर्टच्या रूलला त्याच दिवसाची संध्याकाळ. 'कायम' हा पर्याय ठेवला नाही. काट्याचा रूलसुद्धा दर ऑफ-सीझनला काटा क्लार्कसमोर बसून पुन्हा मंजूर व्हायचा.

२४ सप्टेंबर

काट्याची रंगीत तालीम. फायरवॉलची वीज काढली. काट्याचा पीसी वजन स्वतःकडे साठवत राहिला, पावती छापत राहिला, जोडणी परत आल्यावर सगळ्या खेपा डेटाबेसात गेल्या. हे करून घेण्यासाठी सॉफ्टवेअरवाल्यांकडे ऑगस्टपासून पाठपुरावा होता. सुरक्षेच्या पेटीपायी शेतकऱ्याची ट्रॉली रांगेत अडून राहणं मला मान्य नाही, आणि तशी वेळ आली तर रात्रपाळीतला कुणीतरी फायरवॉल वगळून सरळ केबल जोडेल हेही नक्की. म्हणून दुसरी तशीच पेटी, रूल भरून, त्याच रॅकमध्ये ठेवली. बदलायची कृती मराठीत लिहून कपाटाच्या दारावर चिकटवली.

३ ऑक्टोबर

काल अग्निप्रदीपन. डीसीएस पूर्ण चालू, मिलकडचे आकडे मधल्या सर्व्हरवर येतात. मिलच्या बाजूने अडलेलं काही नाही. कार्यालयातून ५०२ कडे गेलेला प्रयत्न : एक, संचालकांच्या दालनातला जुना प्रोग्राम. काढून टाकला.

१८ नोव्हेंबर

काटा जोरात. एका सभासदाने तक्रार केली की खाजगी काट्यावरची पावती आणि कारखान्याची पावती यांत फरक आहे. शेतकी अधिकाऱ्यांनी त्यांना ईडीपीत आणलं. त्या खेपेच्या दोन्ही वजनांच्या वेळा, त्या वेळात १४३३ वर कोणकोणती यंत्रं पोचली, दोन्ही लॉग शेजारी ठेवून दाखवले. काट्याचा पीसी आणि ॲप्लिकेशन सर्व्हर, तिसरं कुणी नाही. काटा स्वतः बरोबर तोलतो की नाही हे लॉग सांगू शकत नाही, ते वैधमापन विभागाच्या प्रमाणित वजनांनीच ठरतं, आणि हेही त्यांना स्पष्ट सांगितलं. त्यांनी दुसऱ्या काट्यावर त्यांच्या पुढच्या खेपेची फेरतपासणी मागितली, ती मान्य झाली. नोंदींची प्रत घेऊन गेले.

बाहेरून आजची तपासणी : टीसीपीवर काहीही उघडं नाही, ५१८२० कडून उत्तर नाही. व्ही६ वर तसंच.

बाकी कामं : काट्याचे पीसी अजून विंडोज १० वर आहेत, त्याचा सपोर्ट १४ ऑक्टोबरला संपला, दोन नवे पीसी मंजूर, बदल पाळी बदलताना एकेक करून. डिस्टिलरीच्या टाक्यांची पातळी दाखवणारं नवं यंत्र बसतंय, विक्रेत्याने त्याला 'सगळे पोर्ट' मागितलेत. गुरुवारी चीफ केमिस्टांबरोबर बसून त्याला नेमकं काय लागतं ते ठरवायचं.